‘लिबर्ते’चा कवी आणि प्रागचा खटला

बांधिलकीच्या कवितेची चर्चा करताना पॉल एल्युआर (१८९५-१९५२) यांच्या ‘लिबर्ते’चा दाखला आवर्जून दिला जातो. जर्मनव्याप्त फ्रान्समध्ये १९४२ साली प्रसिद्ध झालेल्या या कवितेच्या प्रती ब्रिटिश विमानांनी आकाशातून टाकल्या. शेवटी प्रिय स्त्रीचे नाव यावे, असा मूळ संकल्प होता; तेथे ‘स्वातंत्र्य’ हा शब्द आला, असे एल्युआर यांनीच पुढे सांगितले. राजकीय आशय येथे प्रेमकवितेच्या नामजपासारख्या आवर्तनांतून उमलतो, म्हणूनच तो प्रचारकी वाटत नाही.

या कवितेचे मूल्यमापन मात्र १९५० च्या घटनेला वगळून करता येणार नाही. झाविश कालान्द्रा यांना प्रागमध्ये देहान्ताची शिक्षा झाली. १९३५ मध्ये तेथे एल्युआर आणि आंद्रे ब्रेतों यांचे स्वागत करणारे लेखक ते हेच. त्यांच्यासाठी शब्द टाकावा, असे ब्रेतों यांनी जाहीर पत्राद्वारे विनवले. अशा खटल्यांतील कबुलीजबाबांवरील अविश्वासही त्यात व्यक्त झाला होता. अपराध कबूल करणाऱ्यांकडे लक्ष देण्यास निरपराधांच्या काळजीतून आपल्याला सवड नाही, अशा आशयाचे उत्तर एल्युआर यांनी दिले. ‘लिबर्ते’ त्यामुळे खोटी ठरत नाही; पक्षनिष्ठेपुढे कवीचे स्वातंत्र्यमूल्य थिटे पडले, एवढे निश्चित. कालान्द्रा यांना २७ जून रोजी फाशी देण्यात आली. मिलान कुंदेरा यांच्या ‘द बुक ऑफ लाफ्टर अँड फर्गेटिंग’मध्ये (१९७९) एल्युआर त्याच प्रागमध्ये फेर धरून नाचताना दिसतात.