वारसा आणि बहिणीची सही

जुन्या वतनाची जमीन रस्त्यात जाते, मोबदल्याची रक्कम येते आणि काल उंबऱ्याशी न थांबणारे सोयरे ओसरीवर बसतात. गावही नावापुढे ‘राव’ लावते. मग वारसनोंदीत बहिणींची नावे निघतात. “लुगडं-चोळी करतो, हक्कसोडपत्रावर सही कर.” नाही म्हटले की तिचे माहेर तुटते.

काही भाऊ म्हणतात, आम्ही बौद्ध, आम्हाला हिंदू कायदा कशाला? दीक्षेचा हा उपयोग! 1956 चा वारसा कायदा बौद्धांनाही लागू आहे. बाबासाहेबांनी 1951 मध्ये मंत्रिपद सोडले, त्यामागे हिंदू कोड बिल होते. त्यात मुलीचा वाटा होता. 2005 च्या दुरुस्तीने वडिलोपार्जित मिळकतीत मुलगी जन्मतःच समान वाटेकरी झाली. जुनी रीतसर वाटणी नसेल तर, वडील आधी वारले असले तरीही, असे सर्वोच्च न्यायालयाने 2020 मध्ये सांगितले.

सिगालोवाद सुत्तात पुत्राचे एक कर्तव्य आहे: वारशास पात्र व्हावे. तेथेच धनाचे चार भाग आहेत: एक उपभोगास, दोन उद्योगात, चौथा अडीअडचणीस. बहिणीनेही आपल्या वाट्याचे असेच करावे. मोबदल्याचा पैसा तिच्याच खात्यावर जावा.