पॉवर फीडर : कटरवर लाकूड हाताने ढकलावे की यंत्राने?

खडकी, बोपोडी, दापोडी या पट्ट्यात लाकूडकाम नवे नाही. खडकीचा दारूगोळा कारखाना १८६९ सालचा. छावणी म्हटली की पेट्या, टेबले, खाटा आल्याच. पुढे १९६० नंतर पिंपरी-चिंचवडला कारखाने उभे राहिले आणि यंत्रांचे सुटे भाग बाहेरगावी पाठवण्यासाठी लाकडी पेट्या आणि पॅलेट यांची मागणी वाढली. या धंद्यात आपले अनेक कारागीर बंधू आहेत. काही इथलेच, काही उत्तर प्रदेशातून आलेले. त्यांच्या दुकानात एक यंत्र हमखास असते, ते म्हणजे टेबलातून वर आलेल्या गोल पात्याचा कटर. छोट्या दुकानांत बहुतेक ठिकाणी त्यावर लाकूड हातानेच ढकलले जाते. हेच ढकलण्याचे काम करणाऱ्या यंत्राला पॉवर फीडर म्हणतात. ते कोणाला परवडते आणि कसे लावावे, हे या लेखात पाहू.

फीडर म्हणजे काय?

कापडाच्या धंद्यातले उदाहरण घेऊ. शिलाई मशीनच्या पायाखाली बारीक दाते असतात. कापड तेच पुढे सरकवतात; शिंप्याचा हात फक्त दिशा देतो. नवशिका पोरगा कापड स्वतः ढकलतो किंवा ओढतो, तेव्हा टाका कुठे लांब, कुठे आखूड पडतो आणि सुई मोडते.

फीडरचेही काम असेच, फक्त ते वरून चालते. एका पेटीत छोटी मोटर व गियर असतात आणि खाली रबरी चाके, बहुधा तीन किंवा चार. ही पेटी खांब व आडव्या दांड्याच्या आधाराने टेबलावर बसते. चाके लाकूड वरून दाबतात आणि ठरावीक वेगाने पात्याकडे नेतात. वेग गियरने बदलता येतो. मध्यम आकाराच्या यंत्राचे वजन चाळीस ते साठ किलो भरते.

टाक्याचा हिसाब लाकडातही आहे

पाते मिनिटाला ३,००० फेरे घेते आणि त्याला २४ दाते आहेत, असे समजा. म्हणजे मिनिटाला ७२,००० दाते लाकडाला लागतात. लाकूड मिनिटाला ९ मीटर सरकले, तर प्रत्येक दात साधारण एक अष्टमांश मिलिमीटर लाकूड काढतो. हा चांगला टाका. पण हात दमला आणि वेग ३ मीटरवर आला, की दाताच्या वाट्याला जेमतेम ०.०४ मिलिमीटर येते. मग दात कापत नाही, घासतो. लाकूड काळे पडते, पाते तापते आणि धार लवकर जाते. त्याच पट्टीवर पुन्हा रंधा मारावा लागतो. मजुरी दोनदा जाते आणि जाडी कमी होते ती वेगळी. फीडरचा पहिला फायदा म्हणूनच एकसारखा वेग हा आहे.

दुसरा फायदा बोटांचा

लाकूड ओले किंवा पिळलेले असले, तर कापलेली फट मिटते आणि पाते आवळले जाते. मागचे दाते लाकूड उचलून ढकलणाऱ्याच्या अंगावर फेकतात आणि त्या झटक्यात हात पात्यावर जातो. १९२३ च्या कामगार भरपाई कायद्याच्या परिशिष्टात अशा नुकसानीची टक्केवारी ठरवली होती. अंगठा गेला तर कमाईची ताकद ३० टक्के घटली असे धरत, पूर्ण तर्जनी गेली तर १४ टक्के, एका हाताची चारही बोटे गेली तर ५० टक्के. भरपाई ठरवायला असा आकडा लागतोच. पण अंगठा नसलेल्या माणसाला पटाशी धरता येत नाही. सुतारासाठी ते ३० टक्के म्हणजे जवळजवळ पूर्ण रोजी होय.

फीडर लाकूड वरून दाबून धरतो, त्यामुळे ते उसळण्याचा धोका बराच कमी होतो. हातही पात्यापासून दूर राहतात. मात्र धोका पूर्ण संपत नाही, हे पक्के ध्यानात ठेवावे.

कसा लावावा?

१) बैठक : पातळ पत्र्याच्या टेबलावर हे वजन बसवू नये, टेबल वाकते. खाली जाड प्लेट टाकून अँगलच्या सांगाड्याला बोल्ट मारावेत.

२) उंची : चाके लाकडाच्या वरच्या पातळीपेक्षा सुमारे ३ मिलिमीटर खाली ठेवावीत, म्हणजे पुरेसा दाब येतो. जास्त दाबाने लाकूड अडते, कमी दाबाने चाक घसरते.

३) तिरकेपणा : फीडर गाईडशी अगदी समांतर नसावा. लाकूड बाहेर पडते ते टोक गाईडकडे तीन-चार मिलिमीटर झुकलेले असावे. त्यामुळे लाकूड गाईडला चिकटून चालते. उलटे झुकले, तर पट्टी गाईडपासून सुटते.

४) चाकांची जागा : चाके पाते आणि गाईड यांच्यामधल्या तुकड्यावर यावीत, पात्यावर कधीही नाही. निदान एक चाक पात्याच्या पलीकडे असावे, म्हणजे शेवटचा तुकडा ओढून बाहेर काढला जातो. चाके दोन-अडीच इंच रुंद असतात. त्यापेक्षा अरुंद पट्टीला फीडर वापरू नये. तिथे ढकलकाठीच बरी.

५) पात्यामागची पोलादी पट्टी : रायव्हिंग नाईफ नावाची ही पट्टी कापलेली फट मिटू देत नाही. फीडर आला म्हणून ती काढून टाकणे ही मोठी चूक होय. पाते लाकडाच्या वर जेमतेम तीन-चार मिलिमीटर निघेल इतकेच ठेवावे.

६) वीज : थ्री फेजच्या तारा अदलाबदल झाल्या, तर मोटर उलटी फिरते. वायरमनने हात लावल्यानंतर लाकूड न घालता दोन्ही मोटरींची दिशा आधी पाहावी. वीज जाऊन परत आल्यावर यंत्र आपोआप सुरू होणार नाही, असा स्टार्टर हवा. कटर बंद पडला की फीडरही थांबेल, अशी जोडणी करून घ्यावी. नाहीतर थांबलेल्या पात्यावर लाकूड रेटले जाते.

आणखी एक गोष्ट. चाक आणि लाकूड यांच्यामध्ये हात सापडला, तर फीडर तो आत ओढतो. सैल बाह्या, हातमोजे, मनगटातले कडे चालणार नाही. लाकडाच्या सरळ रेषेत उभे राहू नये. मागचा गडी पट्टी उचलून घेईल, ओढणार नाही. चाकांवर राळ आणि भुसा चढला की ती घसरतात, म्हणून ती रोज पुसावीत.

कोणी घ्यावा, कोणी घेऊ नये?

पॅलेटच्या ६०० पट्ट्यांची ऑर्डर आहे, प्रत्येक पट्टी १.२ मीटरची, असे समजा. म्हणजे ७२० मीटर कापणी झाली. हाताने सरासरी मिनिटाला ४ मीटर वेग पडला, तर तीन तास लागतील. फीडरवर ९ मीटरने, पट्टीमागे पट्टी लावून, ऐंशी मिनिटे लागतील. हे आकडे केवळ समजुतीसाठी आहेत. घड्याळ लावून आपल्या दुकानाचा वेग मोजावा, वाचलेल्या तासांची मजुरी काढावी आणि यंत्राची किंमत किती महिन्यांत वसूल होते ते पाहावे. वाया जाणारे लाकूड आणि पात्याची धार यांचाही खर्च त्यात धरावा.

ज्याचे काम दारे, पलंग, एकेक नग असे आहे, त्याला रोज माप बदलताना फीडर अडचणच वाटेल. त्याने आधी पोलादी पट्टी, पात्यावरचा आडोसा आणि ढकलकाठी यांवर खर्च करावा. तो खर्च थोडा आहे. ज्याला एकाच मापाचा माल रोज शेकड्यांनी काढायचा आहे, त्याने फीडरचा विचार जरूर करावा.

बरेच दुकानदार म्हणतात की वीस वर्षे हाताने ढकलतो आहोत, काही झाले नाही. उस्तादाचा हात सरावलेला असतो, हे खरे. पण संध्याकाळी शेवटच्या शंभर पट्ट्या बहुधा शागीर्द ढकलतो, आणि त्याचा हात सरावलेलाही नसतो व दमलेलाही असतो. घरच्यांनी तो आपल्या भरवशावर पाठवलेला असतो. फीडर घ्यायचा की नाही, याचा हिसाब करताना त्याचे हातही जमेस धरावेत.