आधी मनाई, मग पोलीस

पोरी, चुलत दीर बांध कोरतोय, नांगर घातला की आडवा येतोय, म्हणून तू म्हणालीस, "आत्या, आता कोर्टाकडनंच पोलीस मागते." माग, पण आधी माझं ऐक. भाऊबंदकीच्या दाव्यात माझी अकरा वर्षं गेली आणि यातलं बरंचसं मला उशिरा कळलं.

दावा दाखल आहे एवढ्यावर पोलीस येत नाहीत. ठाणे अंमलदार सांगणार, "बाई, हे दिवाणी आहे, कोर्टात जा." मला त्याचा फार संताप यायचा. पण जमीन कोणाची हे ठरवायचा अधिकार पोलिसांना नाहीच. त्यांच्या हातात कोर्टाचा हुकूम द्यावा लागतो. म्हणून पहिलं काम निशाणी पाचचं, म्हणजे तात्पुरत्या मनाईच्या अर्जाचं. दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश 39, नियम 1 आणि 2. मनाई मिळूनही दीर शेतात घुसला, की कलम 151 खाली पोलीस मदतीचा अर्ज करायचा. मनाईच नसेल तर नुसत्या भीतीवर तो अर्ज सहसा टिकत नाही.

हुकूम आला की त्यातला शब्द न् शब्द वाच. "जैसे थे" मिळालं म्हणून मी पेढे वाटले होते. पण ताब्यात कोण आहे हे त्यात लिहिलेलंच नव्हतं. तोच कागद घेऊन माझा दीर ठाण्यात गेला, तोच घेऊन मी गेले, आणि फौजदारांनी दोघांनाही परत पाठवलं. त्या साली माझं रान पडीक राहिलं. तुझी वहिवाट हुकमात यायला हवी असेल तर सातबारा, ई-पीक पाहणीची नोंद, बी-खताच्या पावत्या, शेजारच्या शेतकऱ्याचं प्रतिज्ञापत्र हे सगळं निशाणी पाचसोबतच लाव. मात्र जो तुकडा तुझ्या ताब्यात नाही तो आहे असं लिहू नकोस. पोलीस मदत आहे तो ताबा राखायला असते, नवा घ्यायला नाही. खोटं उघडं पडलं तर हातातली मनाईही जाईल.

मग नोंदी. तुझा दीर आला त्याच दिवशी तारीख, वेळ, गट नंबर, त्याचे शब्द, सोबत कोण होतं, सगळं लिहून ठाण्यात दे आणि पोहोचेचा शिक्का घे. शिक्का देत नसतील तर तोच अर्ज पोलीस अधीक्षकांना स्पीड पोस्टानं पाठव. अदखलपात्र नोंद झाली तर तिची नक्कल माग. आता ते भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं कलम 174 आहे, जुनी माणसं फौजदारी प्रक्रिया संहितेचं 155 म्हणतील. पण कोयत्यानं वार झाला तर त्या नोंदीवर गप्प बसायचं नाही, त्याच संहितेच्या कलम 173 खाली गुन्हाच नोंदवून घ्यायचा. याच कागदांवर आदेश 39 नियम 2-अ चा अर्जही होतो. मनाई मोडणाऱ्याची मालमत्ता जप्त होऊ शकते, तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैदही होते. माझा दीर खरा वठणीवर आला तो या अर्जामुळे.

कायमचा पहारा मागू नकोस, तसा कोर्ट देत नाही. अमुक ठाणं, अमुक गट, नांगरणी-पेरणीचे हे दिवस, असं नेमकं माग. बंदोबस्ताचं शुल्क भरावं लागू शकतं, तेवढे पैसे बाजूला ठेव.

तुझ्या नणंदेला नवरा मारतो म्हणालीस, तिची वाट वेगळी. तिला यातलं काही लागत नाही. 2005 च्या कौटुंबिक हिंसाचाराच्या कायद्याखाली ती थेट न्यायदंडाधिकाऱ्यांकडे जाऊ शकते, आणि कलम 19 खाली ते जवळच्या ठाण्याला तिला संरक्षण द्यायला सांगू शकतात. तिला आजच सांग.

मृगाला अजून महिना आहे. सोमवारी सातबारा काढ, शेजाऱ्याला सोबत घे आणि वकिलांकडे जा. नांगर तोवर घरीच राहू दे.