संकेतस्थळाची जुनी प्रत : पाठचिकित्सेच्या दृष्टीने एक टिपण

मुद्रित ग्रंथाची नवी आवृत्ती निघाली तरी जुनी कुठल्यातरी ग्रंथालयात शिल्लक राहते. संकेतस्थळावर मात्र नवा पाठ जुन्याला पुसूनच अवतरतो. ही हानी काही अंशी भरून काढणारे प्रमुख साधन म्हणजे ब्रूस्टर काले यांनी १९९६ साली सॅन फ्रान्सिस्को येथे स्थापन केलेल्या इंटरनेट अर्काइव्हचा संग्रह. ‘वेबॅक मशीन’ या नावाने तो २००१ पासून सर्वांस खुला आहे. पानाचा पत्ता द्यावा, दिनदर्शिकेतून तारीख निवडावी, की जुने पान समोर येते. वापर इतका सुलभ आहे, आणि घोटाळ्याचे मूळही या सुलभतेतच आहे.

जतन केलेल्या पानाच्या पत्त्यात वर्षापासून सेकंदापर्यंतचा काळ चौदा अंकांत नोंदलेला असतो. हा काळ पान टिपल्याचा होय, मजकूर लिहिल्याचा नव्हे. शिवाय तो जागतिक प्रमाणवेळेनुसार असल्याने आपल्याकडे पहाटे साडेपाचपूर्वी टिपलेले पान आदल्या दिवसाच्या तारखेखाली सापडते. पानातील चित्रे वा अन्य घटक निराळ्या दिवशी टिपलेले असू शकतात. म्हणजे समोर दिसणारे पान त्या रूपात कोणत्याही वाचकाने कधी पाहिलेच नसेल! हस्तलिखितांच्या अभ्यासकास अशी मिश्र प्रत अपरिचित नाही. पानातील दुव्यावरून पुढे गेल्यास उपलब्ध असलेली नजीकची प्रत उघडते. २००३ मधून आपण नकळत २००५ मध्ये पोहोचतो.

‘लेखकाने अमुक दिवशी हे वाक्य गाळले’ असे विधान एखाद्या प्रबंधात येते, तेव्हा प्रश्न लेखकाच्या सचोटीचा असतो. वाक्य असलेली शेवटची प्रत आणि नसलेली पहिली प्रत या दोन सीमा तेवढ्या सिद्ध होतात. बदल त्यांच्या दरम्यान केव्हातरी झाला, याहून अधिक म्हणण्यास आधार नाही. प्रतच नसेल, तर त्यावरून पाठ नव्हता असे ठरत नाही. परवलीच्या शब्दामागची पाने संग्रहात सहसा येत नाहीत, आणि स्थळचालकांच्या विनंतीवरून काही वगळलीही जातात.

युनिकोडपूर्व मराठी पानांची अडचण वेगळीच. त्यांचा विशिष्ट फॉन्ट संगणकात नसल्यास अक्षरांऐवजी रोमन चिन्हांची गर्दी दिसते. पाठ नष्ट झालेला नसतो. योग्य फॉन्ट बसविल्यास किंवा परिवर्तक वापरल्यास तो बहुधा वाचता येतो. परंतु देवनागरीत शोध घेतल्यास तो सापडत नाही.

संदर्भ देताना मूळ पत्ता, संपूर्ण चौदा अंक आणि आपण पान पाहिल्याची तारीख, तिन्ही द्यावीत. स्वतःजवळही एक प्रत ठेवावी. ऑक्टोबर २०२४ मधील सायबर हल्ल्यानंतर हा संग्रहच काही दिवस बंद होता.