फरशीआड दडवलेला पंप

संधिवाताने पीडित असलेल्या आपल्या मुलासाठी कॅन्डिडो जकुझी यांनी टबात सोडायचा पंप सिद्ध केला, ही हकिकत आमच्या कंत्राटदाराने इतक्या गहिवराने कथन केली की, हिच्या गुडघ्यांच्या चिंतेने आधीच हळवे झालेले आमचे मन घरी तसला टब बसवण्यास तत्काळ राजी झाले. परंतु पंप दुरुस्त करावयाचा झाल्यास हात कोठून घालावयाचा, ही आमची पृच्छा मात्र त्याने ‘साहेब, उघडायची वेळच येत नाही’ असे म्हणून उडवून लावली, आणि लेखी ताकीद असतानाही टबाच्या दर्शनी बाजूस बिनदिक्कत अखंड ग्रॅनाइट चिकटवून दिला.

पावसाळाभर मुलीकडे राहून परतल्यावर पंप सुरू केला, तो तोट्यांतून काळपट, बुळबुळीत पापुद्रे भसाभस बाहेर पडले व त्यांतला एक हिच्या मनगटाला चिकटला. फोनवर कंत्राटदाराचे उत्तर असे : ‘पुस्तकात लिहिलंय ना सगळं!’ ते पुस्तक त्याने आम्हांस कधी दिलेच नव्हते.

टब रिकामा झाला तरी नळ्यांच्या वळणांत पाणी उरते आणि साबण व अंगाचे तेल यांवर जंतूंचा थर पोसला जातो. त्यांत लिजिओनेला असल्यास तुषारांवाटे तो फुप्फुसांत शिरून न्यूमोनिया होऊ शकतो. म्हणून महिन्यातून एकदा तरी तोट्या पूर्ण बुडतील इतके गरम पाणी भरून, डिशवॉशरची फेस न होणारी पावडर घालून, पंप पंधरा मिनिटे चालवावा आणि पुन्हा स्वच्छ पाण्याने तेच करावे. ब्लीच व व्हिनेगर एकत्र कदापि करू नयेत, विषारी वायू होतो. तेल व फेसाचे साबण वर्ज्य. तोट्या बुडाल्याखेरीज पंप सुरू करू नये. लांब केस बांधावेत, कारण पाणी ओढणारी जाळी ते खेचते. जाळी फुटली असेल तर टबात उतरूच नये. पाणी ४० अंशांवर नको. हृदयविकार, रक्तदाब वा गर्भारपण असल्यास डॉक्टरांस विचारावे. मुलांवर लक्ष ठेवावे, हे सांगणे न लगे.

पंपापर्यंत पोचण्यासाठी ग्रॅनाइट कापल्यावर खरा प्रताप उघडकीस आला : पंप गीझरच्याच लाइनीवर, केवळ एमसीबीच्या भरवशावर जोडलेला! एमसीबी अतिभाराने वा शॉर्टसर्किटने पडतो. माणसाचा जीव घेणारी विजेची किरकोळ गळती त्याला उमगत नाही. त्यासाठी ३० मिलिअँपिअरचा आरसीसीबी आणि चोख अर्थिंग हवे. पंपापर्यंत पोचणारे झाकण आणि आरसीसीबी डोळ्यांनी पाहिल्याशिवाय कोणीही शेवटचा हप्ता चुकता करू नये. आमच्या कंत्राटदाराचा हप्ता आम्ही रोखून धरला आहे, आणि ग्रॅनाइट कापण्याची मजुरी त्यातूनच वळती होईल.