मालकी, खंड आणि पाळी

श्रीरामपूर,
रविवार, १४ डिसेंबर २०२५

चि. ओंकार यास,


परवा फोनवर तू घाईत होतास आणि मी पानावर बसलो होतो, त्यामुळे तुझ्या प्रश्नाला धड उत्तर देता आलं नाही. "मामा, पैसे माझे, गेम माझे. मग हॉस्टेलवरच्या दोघांना माझं अकाउंट वापरायला दिलं तर काय बिघडलं?" काय बिघडलं ते तूच पुढच्या दमात सांगून टाकलंस. त्यांच्यातल्या एकाने तुझ्या कार्डावर नवा गेम घेतला आणि आता म्हणतो, बटण चुकून दाबलं गेलं. त्या पैशांचं निस्तरता येईल, कसं ते खाली लिहितो. पण प्रश्न चांगला होता. नुसता अंगठा पाठवून त्याची बोळवण करावी असं वाटेना, म्हणून हे पत्र.

मी काही कॉम्प्युटरमधला माणूस नाही. सगळी नोकरी प्रवरेच्या डाव्या कालव्यावर गेली. दिवाळीत तू तो व्हीआर हेडसेट माझ्या डोळ्यांवर चढवलास आणि उंच इमारतीच्या टोकावरच्या फळीवर उभं केलंस, तेव्हा मी नातवाचा, पार्थचा, हात असा आवळला होता की पोरगं ओरडलं. परीक्षा होईपर्यंत तू तो इथेच ठेवून गेलास. तेव्हापासून मी चष्मा लावून त्याच्या सेटिंग आणि शर्ती वाचतोय. सरकारी नोकरीने दुसरं काही दिलं नसेल, पण कागद शेवटच्या ओळीपर्यंत वाचायची सवय दिली.

तू लहानपणी सुट्टीत रेल्वेने यायचास तेव्हा दर वेळी एकच भांडण काढायचास. स्टेशनच्या पाटीवर 'बेलापूर' आणि आपण उतरायचं श्रीरामपूरला, हे कसं? तुझी आई सांगायची, गावाचं जुनं नाव बेलापूर रोड होतं. गावाचं नाव बदललं, पाटी राहिली. गेमच्या दुकानात नेमकं तेच आहे. बटणावर लिहिलंय 'विकत घ्या', पण आत उतरलं की गाव वेगळं. तिथे तुला गेमची मालकी मिळत नाही, वापरायचा परवाना मिळतो. कॅलिफोर्नियात तर याच्यावर कायदा झाला. २०२५ सालापासून तिथल्या दुकानदाराला नुसतं 'विकत घ्या' म्हणता येत नाही, हा परवाना आहे असं ग्राहकाला स्पष्ट सांगावं लागतं. म्हणजे पाटी बदला असं सरकारला सांगावं लागलं.

तुझ्या मोठ्या मामेभावाच्या, म्हणजे आमच्या संदीपच्या लहानपणी टीव्हीला जोडायच्या गेमच्या कॅसेटी असत. एक कॅसेट गल्लीतल्या आठ घरांत फिरायची. चालेना झाली की फुंकर मारायची, पुन्हा घालायची. तिथे हिशोब सोपा होता. कॅसेट तुझ्याकडे गेली की माझ्याकडे राहत नाही. देणाऱ्याला थोडी झळ बसायची, म्हणून तो विचार करून द्यायचा आणि घेणाराही वेळेवर परत आणायचा. पासवर्ड देताना तुझ्या हातातून काहीच जात नाही, म्हणून तुला ते देणं फुकटचं वाटलं. तुझ्या हातातून काय गेलं ते कार्डावरचा मेसेज आल्यावर कळलं.

आता आपल्या तालुक्यातली गोष्ट. तुझ्या पिढीने ती ऐकलेली नसते, पण माझ्या वयाच्या माणसाला 'खंड' म्हटलं की तीच आठवते. गेल्या शतकाच्या पूर्वार्धात इकडच्या शेतकऱ्यांच्या जमिनी खासगी साखर कारखान्यांकडे खंडाने गेल्या. पुढे १९६१ चा कमाल जमीन धारणेचा कायदा आला, कारखान्यांकडच्या जमिनी सरकारने घेतल्या आणि १९६३ साली त्यांच्यासाठी शेती महामंडळ उभं राहिलं. ज्यांनी जमीन खंडाने दिली होती त्या खंडकऱ्यांच्या दोन-तीन पिढ्या मोर्चे काढण्यात आणि कोर्टाच्या पायऱ्या चढण्यात गेल्या. २०१२ च्या सुमाराला जमिनी परत मिळू लागल्या, त्याही पुष्कळशा भोगवटादार वर्ग २ म्हणून. वर्ग २ म्हणजे काय, तर कसा, पिकवा, खा. पण सरकारच्या परवानगीशिवाय विकायची नाही.

तुझे गेम हे वर्ग २ आहेत, ओंकार. खेळ, मजा कर. पण विकता येत नाहीत आणि दुसऱ्याच्या नावावर करता येत नाहीत. खंडकऱ्यांची जमीन होती, पण ती त्यांच्या ताब्यात नव्हती. तुझं उलट आहे. गेम ताब्यात आहे, मालकी नाही. दोन्हीकडे धडा एकच, की ताबा आणि हक्क या दोन गोष्टी वेगळ्या आणि त्यांतला फरक कागदावर असतो. २००९ साली ॲमेझॉनने काही ग्राहकांच्या किंडलमधून त्यांनी पैसे देऊन घेतलेलं पुस्तक परस्पर काढून घेतलं आणि पैसे परत केले. प्रकाशकाला ते विकायचा हक्कच नव्हता, हे कारण. पुस्तक कोणतं, तर ऑर्वेलचं '१९८४'. लोकांनी ओरडा केला, कंपनीने चूक मान्य केली. पण कपाटातलं पुस्तक असं कुणाला नेता आलं नसतं, एवढं त्यातून सगळ्यांना समजलं.

मग घरच्यांना द्यायचंच नाही का? तर तसं नाही. त्याची वाट हेडसेटच्या कंपनीनेच ठेवली आहे. २०२१ च्या फेब्रुवारीत क्वेस्ट हेडसेटवर ही सोय आली. हेडसेटचा एक ॲडमिन असतो, म्हणजे आपल्याकडे तू. त्याच्याशिवाय आणखी तीन जणांची खाती त्याच हेडसेटवर उघडता येतात. ॲडमिनने सोय चालू केली की त्याने घेतलेले गेम त्या तिघांना आपापल्या खात्यातून खेळता येतात. ज्याची प्रगती त्याच्या नावावर राहते. काही गेम निर्मात्यांनी या सोयीबाहेर ठेवले आहेत, ते सोडून द्यायचे. आणि पाणी एकाच दिशेने वाहतं. ॲडमिनचं तिघांना मिळतं, तिघांचं ॲडमिनला मिळत नाही. पार्थच्या बहिणीने, सईने, भाऊबीजेच्या पैशांतून स्वतःच्या खात्यावर गेम घेतला तर तो पार्थला दिसणार नाही. हे आधी माहीत असलं तर घरात भांडण होत नाही. म्हणून घरासाठीची खरेदी नेहमी ॲडमिनच्या खात्यावरून करावी आणि ज्याचे पैसे त्याचं नाव वहीत लिहून ठेवावं. हसू नकोस. सख्ख्या भावांतही वही असलेली बरी.

असं नियमाने वाटून वापरण्यालाच मी पाळी म्हणतो. भंडारदऱ्याचं धरण १९२६ मध्ये पुरं झालं, तेव्हापासून ओझरच्या बंधाऱ्यातून निघालेलं पाणी या मुलखात पाळीने फिरतंय. आवर्तन सुटलं की पाळीपत्रकात ज्याचा वार आणि ज्याचा तास, त्याच्या बांधावर पाणी. पाणी कुणाच्याच मालकीचं नाही, पण पाळी त्याची असते. माझ्या चारीवर दोन शेजारी होते. एकाच्या घरी लग्न निघालं की दुसरा त्याची रात्रपाळी घ्यायचा, पुढच्या आवर्तनात फेडायचा. मला सगळं ठाऊक होतं, मी कधी वही काढली नाही. दोघं एकाच चारीवरचे, दोघांची नावं पत्रकात. मग एका वर्षी त्यांतल्या एकाने चारीबाहेरच्या माणसाकडून पैसे घेऊन रात्रीचं पाणी तिकडे वळवलं. सकाळी टेलच्या, म्हणजे चारीच्या शेवटच्या टोकाच्या, शेतकऱ्याची पाळी कोरडी. पाणी पळवणारा माणूस भेटलाच नाही. जाब मी पत्रकात नाव होतं त्यालाच विचारला. "साहेब, माझीच पाळी होती ना?" असं तो म्हणाला. तुझा फोन आला तेव्हा मला तो आठवला. शब्द जवळजवळ तेच होते.

तुझ्या कॉम्प्युटरवरच्या स्टीमचे नियम वाचलेस तर तिथेही हेच दिसेल. तिथे २०२४ पासून कुटुंबाची सोय आहे, तुला धरून सहा जण. पण गेमची एकच प्रत असेल तर एका वेळी एकानेच खेळायचं. आणि तुझ्या प्रतीवर दुसऱ्याने फसवेगिरी केली तर बंदी त्याच्याबरोबर तुझ्यावरही येऊ शकते. नाव तुझं, म्हणून जाब तुला.

आणि जो गेम पासवर्ड देऊन वाटला जातो, तोही कुणीतरी पिकवलेला असतो. 'बीट सेबर', ज्याच्या तालावर सई तलवारी फिरवते, तो प्रागमधल्या तिघांनी मिळून सुरू केला होता. पुढे मोठ्या कंपनीने तो घेतला, ती गोष्ट निराळी. असे दोघा-तिघांचे किती तरी गेम त्या दुकानात आहेत. एका घरात चौघांनी खेळावं हे त्यांच्या हिशोबात धरलेलं असतं, पण हॉस्टेलचा अख्खा मजला धरलेला नसतो. खंडाने घेतलेल्या रानात परस्पर पोटकूळ घातलं तर मालक रागावणारच.

आता करायचं काय ते क्रमाने लिहितो. आज रात्री अभ्यासाला बसण्याआधी पासवर्ड बदल. बाकीच्या सगळ्या ठिकाणांहून अकाउंट बाहेर काढ. खरेदीला पिन लाव. मित्राने घेतलेला गेम १४ दिवसांच्या आतला असेल आणि दोन तासांपेक्षा कमी खेळला गेला असेल, तर पैसे परत मागता येतात. अर्ज करून टाक. मुदत गेली असेल तर मित्राकडे एकदाच सरळ माग, दिले नाहीत तर सोडून दे. तेवढ्यासाठी दोस्ती मोडू नकोस, पण पासवर्डही पुन्हा देऊ नकोस. त्यांना खेळायचं असेल तर सुट्टीनंतर हेडसेट तुझ्या खोलीवर असेलच, तिथे बोलाव, तुझ्यासमोर खेळू दे. येणाऱ्याला चहा पाजावा, घराची किल्ली देऊ नये, असं तुझे आजोबा म्हणायचे.

हा हेडसेट पुढे कधी विकायला काढलास तर एवढं लक्षात ठेव, की विकला जातो तो डबा. गेम तुझ्या खात्यासोबत राहतात. घेणाऱ्याला "आत वीस गेम आहेत" असं सांगून चार पैसे जास्त घेऊ नकोस. हेडसेट पूर्ण कोरा करून दे आणि तसं तोंडाने सांग. आणि स्वतः जुना घेतलास, विकणारा अकाउंटसकट देतो म्हणाला, तर मागे फिर. सातबाऱ्यावर दुसऱ्याचं नाव असलेली जमीन स्वस्त मिळते, पण ती का स्वस्त आहे हे आपल्या तालुक्यात कुणाला विचारायला नको.

इकडची व्यवस्था मी लावली आहे. सई तेरा वर्षांची आहे, तिचं स्वतःचं खातं काढलं. पार्थ अकराचा, १० ते १२ वर्षांच्या मुलांचं खातं आईबापांच्या देखरेखीत चालतं, ते संदीपने उघडून दिलं. मी फ्रिजवर पाळीपत्रक लावलंय. शेजपाळीत पाणी टेलकडून सुरू करायचं असतं, कारण हेडवाल्याने आधी घेतलं तर टेलपर्यंत काही उरत नाही. म्हणून पहिला अर्धा तास पार्थचा, मग सईचा. डोळ्यांवरून काढला की कापडाने पुसून पुढच्याला द्यायचा, हे कलम सईने स्वतः घातलं, कारण पार्थला घाम फार येतो.

तिसरं खातं कुणाला, यावर घरात दोन दिवस चर्चा झाली. तू म्हणशील, एक जागा मित्रासाठी ठेवायची होती. नाही ठेवली. ती माईला, तुझ्या आजीला, दिली. दिवाळीत तू तिला समुद्राखालचे मासे दाखवलेस, तेव्हापासून ती रोज दुपारी विचारते, "त्या माशांचं यंत्र रिकामं आहे का रे?" चौऱ्याऐंशीव्या वर्षी तिला खुर्चीत बसवून, चष्मा काढून, दहा मिनिटं दाखवतो. मासा जवळ आला की हात पुढे करते.

खातं उघडताना सईने नाव विचारलं. माई थोडा वेळ गप्प राहिली. तुला माहीत आहे, घर आजोबांच्या नावावर होतं, रान माझ्या थोरल्या भावाच्या, रेशनकार्डही आजोबांच्याच नावाचं. तिने पूर्ण नाव सांगितलं, सासरचं आडनाव धरून, आणि मग सावकाश विचारलं, "हे माझ्या नावावर राहणार का?"

पार्थ म्हणाला, "हो माई. पण मासे ओंकारकाकाचे आहेत. त्याने काढून घेतले तर जातील."

माई म्हणाली, "मग त्याला सांगा, नीट सांभाळ म्हणावं."

तिचा निरोप तुला पोचवला. परीक्षा नीट दे. ताईला आणि दाजींना नमस्कार.

तुझा,
मामा