दुखणं नेमकं कुठं असतं? (गीता, अध्याय 2, श्लोक 14)



काल तेरावा श्लोक पाहिला, देहाच्या बालपण-तारुण्य-म्हातारपणाचा. आज चौदावा. इंद्रियांचा विषयांशी संबंध आला की थंडी-ऊन, सुख-दुःख जाणवतं. ते येतं नि जातं. ते तू सोस, असं भगवंत अर्जुनाला सांगतात. श्लोक छोटासाच. पण आजारी माणसाच्या उशाशी बसून हा श्लोक सांगणारे खूप भेटतात, आणि त्यातून ऐकणाऱ्याच्या पदरात एवढंच पडतं की "सहन करायला शीक." म्हणून आज पुढे न पळता एकाच प्रश्नापाशी थांबू. पायाला काटा लागला, तर दुखणं पायात असतं का?

आपल्या मनातलं चित्र दारावरच्या घंटेसारखं असतं. खाली बटण दाबलं, तारेतून निरोप गेला, वर मेंदूत घंटा वाजली. काटा जेवढा मोठा तेवढा आवाज मोठा. हे चित्र चुकीचं आहे.

दुसऱ्या महायुद्धात इटलीच्या आघाडीवर हेन्री बीचर नावाचे अमेरिकन डॉक्टर जखमी सैनिकांवर उपचार करत होते. मोठमोठ्या जखमा, पण माणसं शुद्धीवर. वेदना थांबवायला औषध हवं का, असं विचारलं की चारांतले साधारण तिघे नको म्हणत. ते बधिर झाले होते असंही नाही, कारण शिरेत सुई नीट घातली गेली नाही तर हेच लोक चारचौघांसारखे ओरडत! बीचर यांनी 1946 मध्ये हे लिहून ठेवलं. त्यांना वाटलं, की त्या सैनिकासाठी जखम म्हणजे रणांगणातून जिवंत सुटका होती. पुढे शस्त्रक्रिया झालेल्या साध्या नागरिकांना त्यांनी हाच प्रश्न विचारला, तर त्यांच्यातल्या बहुतेकांना औषध हवं होतं. त्यांच्या जखमा तर सैनिकांपेक्षा लहान होत्या.

मग मधे काय घडतं? 1965 मध्ये रोनाल्ड मेलझॅक आणि पॅट्रिक वॉल या दोघांनी सांगितलं, की पाठीच्या कण्यातल्या मज्जारज्जूत एक दार आहे. इजेचा निरोप आणणारे काही मज्जातंतू अगदी बारीक नि संथ असतात, सेकंदाला साधारण एक मीटर जाणारे. स्पर्शाचा निरोप आणणारे तंतू जाड आणि कितीतरी वेगवान. हे जाड तंतू जागे झाले की दार थोडं लोटलं जातं आणि बारीक तंतूंचा निरोप कमी प्रमाणात वर पोचतो. गुडघा आपटला की आपला हात आपोआप तिथं जाऊन चोळायला लागतो, तो यासाठीच. त्यांच्या मांडणीतले तपशील पुढच्या संशोधनात बदलले, पण दाराची कल्पना टिकली.

आणि हे दार वरूनही हलतं. मला हाच भाग सगळ्यात नवलाचा वाटतो. पडलेल्या पोराला आई उचलते, फुंकर घालते आणि म्हणते, "बघ बघ, मुंगी मेली!" पोर मुंगी शोधायला लागतं नि रडू थांबतं. आपण याला फसवणं म्हणतो. पण लक्ष दुसरीकडे गेलं की मेंदूकडून मज्जारज्जूकडे खरोखरच खालच्या दिशेनं निरोप जातात आणि दार ओढून घेतात. 1969 मध्ये डेव्हिड रेनॉल्ड्स यांनी उंदरांच्या मेंदूतल्या मधल्या भागात एका ठिकाणी सौम्य वीजप्रवाह दिला, तर भूल न देता त्यांच्यावर शस्त्रक्रिया करता आली. 1975 मध्ये स्कॉटलंडमधल्या ॲबर्डीनला ह्यूज आणि कोस्टरलिट्झ यांना डुकराच्या मेंदूत अफूसारखं काम करणारी द्रव्यं सापडली. म्हणजे असं औषध शरीर स्वतःच बनवतं. 1978 मध्ये अक्कलदाढ काढलेल्या रुग्णांवर एक प्रयोग झाला. औषध समजून नुसतंच काहीतरी टोचलेल्या काहींना आराम पडला. मग अफूचा परिणाम उतरवणारं नॅलॉक्सोन दिल्यावर तो आराम ओसरला. औषध खोटं होतं, पण आराम खरा होता, रसायनातून आलेला.

इथपर्यंत वाचून कुणी म्हणेल, "म्हणजे सगळं मनाचंच की!" थांबा. दार उलटंही फिरतं.

आमच्या शेजारच्या काकूंना मागच्या वर्षी नागीण झाली, उजव्या बरगडीवर. फोड सुकले, कातडी जवळपास पूर्ववत झाली. पण आजही ब्लाउजचं कापड घासलं तरी त्या कळवळतात. घरातले म्हणतात, "आता तर काही दिसतसुद्धा नाही." दिसणार कसं? त्या विषाणूनं मज्जातंतूच दुखावलेत. ते विनाकारण निरोप धाडत राहतात, आणि सतत तेच ऐकून मज्जारज्जूतल्या पेशी इतक्या हळव्या होतात की साधा स्पर्शही वेदना म्हणून वर जातो. क्लिफर्ड वुल्फ यांनी 1983 मध्ये मज्जारज्जूतला हा हळवेपणा प्रयोगातून दाखवला. त्यात झोप नाही, उद्याही असंच दुखेल ही भीती, आणि "नाटक करते" हा घरातला सूर. या सगळ्यानं दार आणखी उघडतं. काकूंना डॉक्टरांनी नेहमीची दुखण्याची गोळी न देता नसांवर काम करणारं औषध दिलंय, त्याचं कारण हेच.

वेदनेचा अभ्यास करणाऱ्या आंतरराष्ट्रीय संघटनेनं 2020 मध्ये वेदनेची व्याख्या सुधारली. तिच्यासोबतच्या टिपांत स्पष्ट म्हटलंय, की माणूस दुखतंय म्हणतो तेव्हा त्याच्या म्हणण्याचा मान ठेवावा. एक्सरेत काही दिसो वा न दिसो.

आता पुन्हा श्लोकाकडे. माझं मत सांगते, पटलं तर घ्या. "सोस" हे भगवंतांनी अर्जुनाला त्याच्या स्वतःच्या सुखदुःखाबद्दल सांगितलंय. दुसऱ्याचं दुखणं मोजायला त्याच्या हातात पट्टी दिलेली नाही. शिवाय सोसायचं म्हणजे दात-ओठ खाऊन एकटं पडून राहायचं, असंही श्लोकात कुठं म्हटलेलं नाही.

एक छोटी गोष्ट मात्र आजच करता येईल. इटलीतल्या फॅब्रिझिओ बेनेदेत्ती यांच्या प्रयोगांत असं दिसलं, की वेदनाशामक औषध यंत्रानं गुपचूप दिलं तर त्याचा गुण कमी येतो आणि कुणीतरी समोर येऊन, सांगून दिलं तर जास्त येतो. औषध तेच, मात्राही तीच. तेव्हा घरात कुणाला दुखण्याची गोळी द्यायची असेल, तर ती टेबलावर ठेवून निघून जाऊ नका. पाणी घेऊन जा, दोन मिनिटं शेजारी बसा, ही कशाची गोळी आहे आणि साधारण किती वेळानं बरं वाटेल ते सांगा.

उद्या पंधरावा श्लोक घेऊ.